उसना आवाज

पांढुर्ण्यात त्या वर्षाला अजून ‘साउथवालं साल’ म्हणतात. लॉकडाउनमध्ये बंद पडलेली आमची टॉकीज त्या वर्षी पुन्हा उघडली आणि उघडली ती साउथच्या पिक्चरांच्या जोरावर. मधल्या काळात तिच्या आवारात संत्र्यांचे रिकामे क्रेट रचून ठेवलेले असायचे. ते हलले, भिंतींना चुना लागला आणि एकामागून एक मोठमोठे पिक्चर येऊ लागले, बोलायला हिंदी पण मुळातले तमिळ. गावातल्या पोरांनी दाढ्या वाढवल्या. आमच्या ऑफिसातल्या एका बाबूला चार ओळींचं पत्र लिहायला अर्धा दिवस लागतो. त्याने पहिल्या दिवसाचा पहिला खेळ बघायला आजारपणाची रजा टाकली आणि दुसऱ्या दिवशी काळा चष्मा लावूनच टेबलाशी येऊन बसला. मी विचारलं, “डोळे आले काय?” बिचारा ओशाळला. माझी जीभ अशीच आहे, माझा नवराही तिला वचकून असतो.

तमिळ सिनेमाच्या जाणकारांनी त्या वर्षाचं फार कौतुक केलं, असं मी नंतर कुठेतरी वाचलं. इतके चांगले पिक्चर एका वर्षात तिकडेही क्वचितच येतात म्हणे. असेल. आमच्याकडे तमिळ, तेलुगू, कन्नड असं कोणी निवडून वेगळं काढत नाही, सगळं एकच साउथ. मला मात्र तो फरक त्या वर्षी शिकावा लागला, कारण त्या वर्षी माझा मेलेला भाऊ तमिळ पिक्चरांतून बोलत होता.

हे वाक्य लिहिताना मला अजूनही बाबांचा धाक वाटतो. बाबा सौसरच्या शाळेत विज्ञान शिकवायचे. आमचं घर बौद्ध, आणि बाबांच्या लेखी त्याचा पहिला अर्थ असा की भूत, आत्मा, अंगात येणं, नजर लागणं यातलं काही या घराच्या उंबऱ्याच्या आत येणार नाही. लहानपणी मी अंधाराला घाबरायचे. बाबा माझा हात धरून, हातात दिवा न घेता, अंगणाच्या टोकापर्यंत चालवत न्यायचे आणि विचारायचे, “दिसलं काय काही? नाही नं? मग चाल घरात.” भाऊ गेला तेव्हा विहारातून भंतेजी आले, वंदना झाली, पुण्यानुमोदनाला नातेवाईक जेवले. माणसं पांगल्यावर बाबा आईला म्हणाले, “आता तो कुठीच नाही. हे एकदा मनाले समजाव, म्हणजे त्रास कमी होईल.” आईने मान हलवली. त्रास काही कमी झाला नाही.

भाऊ माझ्यापेक्षा बराच लहान. मी लग्न होऊन पांढुर्ण्यात आले तेव्हा तो शाळेत होता. पुढे तो पांढुर्ण्याच्याच एका संत्रा व्यापाऱ्याकडे लागला. बागा बघायच्या, तोडा करवून घ्यायचा, ट्रक भरायचे, आणि हंगामात ट्रकसोबत थेट चेन्नईपर्यंत जायचं. घर त्याने सौसरचंच ठेवलं, मोटारसायकलने जाऊन-येऊन असायचा. एका संध्याकाळी लोधीखेड्याकडची बाग बघून घरी येताना त्याला बिनदिव्याची ट्रॉली दिसली नाही. एवढंच. याहून जास्त मी त्याबद्दल कोणाशीच बोलत नाही.

त्याचे फोटो भरपूर होते. आवाज मात्र कुठेच नव्हता. फोनचा तिथेच चुरा झाला होता. आम्हाला तो कधी बोलून मेसेज पाठवायचा नाही, सरळ फोन लावायचा, आणि झालेलं बोलणं कुठे साठून राहत नाही. एक मामेभावाच्या लग्नाचा व्हिडिओ तेवढा होता. त्यात भाऊ नवं जॅकेट घालून कॅमेऱ्याच्या अगदी जवळ येतो, बाजूला उभ्या असलेल्या कोणाकडे तरी बघून चार शब्द बोलतो आणि हसतो. पण व्हिडिओ करणाऱ्या दीडशहाण्याने, त्यांची रीतच असते तशी, सगळ्या लग्नावर गाणं चढवून ठेवलं होतं. भावाचे ओठ हलायचे आणि बाईचा आवाज गाणं म्हणायचा. आईच्या मते तो ‘आई, जेवली काय’ म्हणत होता. मला ते तसं वाटायचं नाही, पण मी कशाला बोलू? तेवढा तुकडा आम्ही किती वेळा मागे-पुढे करून पाहिला असेल. तो लागला की बाबा उठून अंगणात जायचे.

मग तो उन्हाळा आला. रविवार होता, मी सौसरला गेले होते. आई बाहेरच्या खोलीत टीव्हीसमोर बसून मिरच्यांचे देठ खुडत होती, मी आत चहा टाकत होते. बाहेरून भाऊ म्हणाला की दार लावू नका, मी येतोय.

हिंदीत म्हणाला. तोही दिवसभर ट्रकवाल्यांशी, व्यापाऱ्यांशी हिंदीतच बोलायचा, त्यामुळे ते मला जराही वेगळं वाटलं नाही. तोच किंचित घोगरा आवाज, तेच शब्दाच्या आधी श्वास घेणं, वाक्याचं शेवटचं अक्षर तसंच खाली सोडून देणं. मी बाहेर आले तर पडद्यावर एक सावळा, दाढीवाला हिरो भर उन्हात धावत होता. तमिळ पिक्चर, हिंदीत केलेला. आईच्या हातातली मिरची तशीच होती. तिने माझ्या तोंडाकडे पाहिलं.

“तुले ऐकू आलं?”

“हो.”

“मी उन्हाळा लागल्यापासून ऐकून राहिली,” आई म्हणाली. “कोणाले सांगितलं नाही. तू म्हणशीन, बुढी पागल झाली.”

आत चहा उतू गेला.

पांढुर्ण्याला परत आल्यावर मी त्या आवाजाच्या मागे लागले. डबिंगच्या धंद्यात एक रीत आहे, ती मला तेव्हा कळली. तिकडचा हिरो हिंदीत बोलायचा असला की त्याला इकडचा एक आवाज नेमून देतात आणि तोच आवाज वर्षानुवर्षं त्याच्या तोंडी राहतो. लोकांना त्याची इतकी सवय होते की तो हिरोचाच वाटतो. हा आमचा आवाज त्या दाढीवाल्याला लागलेला होता, शिवाय आणखी एकदोन तमिळ हिरोंना. तेलुगूवाल्यांचे आवाज दुसरे. आवाज देणाऱ्या माणसाचं नाव मला पडद्यावर कुठे सापडलं नाही. पुढे मी ते शोधणं सोडूनच दिलं. त्याला नाव असावं असं मला वाटेनासं झालं.

आईचा कान तर असा तयार झाला की कुठलाही साउथचा पिक्चर लागला आणि हिरोने तोंड उघडलं की ती म्हणायची, “हा नाही,” आणि चॅनल बदलायची. मी पेन ड्राइव्हमध्ये पिक्चर भरून न्यायचे. ते सुरू झाले की आई भिंतीला पाठ लावून डोळे मिटून बसायची. मारामाऱ्या, गाणी, लाल मातीतले धुरळे, कशाशीच तिला घेणंदेणं नव्हतं. मी एकदा म्हटलं, “आई, बघ तरी, काम चांगलं करतो तो.” ती म्हणाली, “त्याचं तोंड मधात आडवं येते.” शेजारच्या बायकांना खमंग विषय मिळाला. “काकू, या वयात साउथचं याड कसं लागलं वं?” असं त्या विचारायच्या, आणि आई चक्क लाजायची.

बाबा मात्र पिक्चर लागला की अंगणात निघून जायचे. लिंबाच्या झाडाखाली घराकडे पाठ करून बसायचे आणि ओठातल्या ओठात काहीतरी पुटपुटत राहायचे. शिकवायची सवय लागलेला माणूस, पूर्वी जेवतानाही बोलणं चालूच असायचं. भाऊ गेल्यापासून घरात कामापुरतं बोलायचे. मला वाटायचं, आमच्यावर चिडून बडबडत असतील, नाहीतर गाथा म्हणत असतील. एकदा माझ्या डोक्यात तिडीक गेली आणि मी झाडाखाली जाऊन भांडले.

“बाबा, तिला तेवढंच सुख आहे. तुमचं काय जातं?”

“आवाज म्हणजे हवेचं कंपन असते,” ते म्हणाले. “ते कोणाचं नसते. तू शिकलेली हाय, तू तरी तिले सांग.”

“तुम्हीच सांगा. तुम्ही मास्तर आहात.”

मी पायरीवर येईपर्यंत त्यांचं पुटपुटणं पुन्हा सुरू झालं होतं.

खरं सांगायचं तर मीही त्या आवाजाला घाबरत होते आणि त्याच्यावाचून मला करमतही नव्हतं. एका संध्याकाळी माझ्या घरी नवऱ्याने आतल्या खोलीत टीव्ही लावला. मी कणीक मळत होते. आतून कोणीतरी हाक मारली आणि मी “आले रे” म्हणून कणकेच्या हाताने धावले. नवरा बघतच राहिला. मी त्याच्यावरच ओरडले, आवाज कमी ठेवायला काय होतं म्हणून. रात्री जेवताना त्याने हळूच विचारलं, “कोण बोलावत होतं?” मी ताट उचलून मोरीत ठेवलं.

त्याच सुमारास मला भावाचा एक फोन आठवला. तो पहिल्यांदा ट्रकसोबत चेन्नईला गेला होता आणि माल उतरेपर्यंत वेळ होता म्हणून याच दाढीवाल्याचा पिक्चर तिथल्या टॉकीजमध्ये बघून आला होता. एक अक्षर कळलं नसेल, पण फोनवर केवढा उत्साह! “ताई, इथी त्याचा आवाजच दुसरा हाय वं! पातळच हाय.” मी म्हटलं, “अरे बावळ्या, तोच त्याचा खरा आवाज. आपण ऐकतो तो खोटा.” तो म्हणाला, “मंग खोटाच बरा.” तेव्हा मी पोटभर हसले होते.

पावसाळ्यात टॉकीज उघडली आणि मी आईला पांढुर्ण्याला बोलावलं. ती सौसरहून बसने आली. ठेवणीतलं पांढरं लुगडं नेसली होती, जयंतीला विहारात जाताना नेसते ते. टॉकीजमध्ये पोरं शिट्ट्या मारत होती. आईने मागे वळून हात जोडले. “बाबू हो, सिट्या नका मारू, मले ऐकू येत नाही.” पोरांना वाटलं म्हातारी मोठी फॅन आहे, आणि पोरं खरोखर गप्प झाली. मध्यंतरात दरवाज्यावरच्या माणसाने आम्हाला पंख्याखालच्या चांगल्या खुर्च्या देऊ केल्या, तर आईने भिंतीवरच्या स्पीकरखालची मोडकी खुर्ची मागून घेतली. तिथे आवाज इतका मोठा की त्याचा श्वास आत जाताना ऐकू यायचा. बाहेर पडल्यावर ती म्हणाली, “दम लागल्यासारखा वाटला नाही काय तुले? गाडी हळू चालव म्हणा त्याले.” मी हो म्हटलं. आता काय म्हणणार?

त्या वर्षी आम्ही असे बरेच पिक्चर पाहिले. सगळ्यांत आईची एकच तक्रार होती. “तो सगळ्यांशी बोलते. पोलिसाशी बोलते, त्या पोरीशी बोलते. आईशी बोलतच नाही.” आणि ते खरं होतं. योगायोग म्हणा, त्या पिक्चरांत दाढीवाल्याला आई नव्हती, असली तर लहानपणी मेलेली असायची. आईला त्या आवाजात एकदा ‘माँ’ ऐकायचं होतं. तिने ते मला सरळ सांगितलं, बाजारातून काय आणायचं ते सांगावं तसं.

पोळ्याच्या सुमारास पोस्टर लागलं. दिवाळीला याच हिरोचा सगळ्यांत मोठा पिक्चर येणार होता, आणि पोस्टरवर त्याच्या छातीशी डोकं टेकून उभी असलेली एक पांढऱ्या केसांची बाई होती. मी फोटो काढून आईला पाठवला. फोन आला. “आई हाय नं ती त्याची?” मी चौकशी केली. होती. पिक्चरच आईचा होता म्हणे. त्या दिवसापासून आईने टीव्हीवरचे पिक्चर बघणंसुद्धा थांबवलं. ताप येऊ नये म्हणून ती गार पाणी प्यायची नाही, दिवाळीच्या गर्दीत बस मिळणार नाही म्हणून आदल्या दिवशीच माझ्याकडे येऊन राहिली. मला तिची भीती वाटत होती. तो शब्द ऐकल्यावर हिचं काय होईल? तो शब्द ऐकू येणारच नाही, हे मात्र माझ्या मनातही आलं नाही.

हिरो पडद्यावर आला. शिट्ट्या, आरोळ्या, कागदाचे तुकडे. आईने डोळे मिटले. त्याने तोंड उघडलं आणि एक जाड, भारदस्त, गोलगोल आवाज टॉकीजभर पसरला. कोण्या तिसऱ्याच माणसाचा.

आईने डोळे उघडले. पडद्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. “हा कोण?”

“दुसरा घेतलेला दिसतो.”

“मंग माझा कुठी गेला?”

पुढच्या रांगेतला माणूस मागे वळला. मी आईचा हात धरला. ती थांबली, पुढे कदाचित बदलेल या आशेवर अर्धा पिक्चर बसून राहिली. मग तो प्रसंग आला. हिरो जखमी होऊन दारात येतो, म्हातारी धावते आणि तो म्हणतो, ‘माँ’. त्या जाड आवाजात. आई उठली, लोकांचे पाय तुडवत रांगेबाहेर पडली. मी तिच्या मागे धावले.

त्याचं कारण मला नंतर समजलं. पिक्चर मोठा असला की हिंदीचं काम मोठी कंपनी घेते आणि मोठ्या नावाचा, वजनदार आवाज आणते. जुना आवाज टीव्हीवरच्या आणि टॉकीजमधल्या लहानसहान, स्वस्त पिक्चरांपुरता. त्यात कोणाचं काही चुकलं नव्हतं. सौसरची एक बाई त्या आवाजासाठी गार पाणी पीत नाही, हे त्यांना कोण सांगणार होतं?

टॉकीजसमोरच्या चहाच्या टपरीवर भावाचा दोस्त भेटला. शाळेपासूनचा, पुढे त्याच व्यापाऱ्याकडे सोबत कामाला लागलेला. आईला पाहून तो उठला, वाकून नमस्कार केला, बाकावर बसवलं, चहा सांगितला. आईने लपवाछपवी केली नाही. यातला आवाज माझ्या पोरासारखा होता, तो बदलला, असं तिने त्याला सांगून टाकलं. पोरगा हसला. बिचाऱ्याला वाटलं, आपल्याकडे काकूंना द्यायला काहीतरी चांगलं आहे.

“काकू, सारखा म्हणजे? तो तर त्याच आवाजाची नक्कल करे! शाळेपासून. टीव्हीवर पिक्चर पाहून ये आणि आम्हाले बोलून दाखवे. पहिले आम्हाले हसू ये. मंग मंडीत कामाले लागला, तर ट्रकवाल्याशी तसाच बोलाले लागला. पातळ आवाजाले कोणी भाव देत नाही म्हणे. मंग तोच आवाज राहिला त्याचा. एकदम फिट!”

आईने चहाचा ग्लास दोन्ही हातांत धरला होता. ती म्हणाली, “आणि पहिलेचा कसा होता रे?”

पोरगा सांगायला गेला. तोंड उघडलं, मग मिटलं. रस्त्याकडे बघत राहिला. “आता नाही आठवत, काकू,” तो म्हणाला.

मी आईला एकटी सोडली नाही, तिच्याबरोबर सौसरच्या बसमध्ये बसले. बाहेर संत्र्याच्या बागा मागे जात होत्या. ती खिडकीकडे तोंड करून होती. मग म्हणाली, “मले वाटलं, वयात आला म्हणून आवाज फुटला. सगळ्याच पोट्ट्यांचा फुटते.” थोड्या वेळाने विचारलं, “तुले आठवते काय?”

मी आठवू लागले. तो रांगता होता तेव्हापासूनचं मला सगळं आठवतं. माझ्या ओढणीला धरून शाळेपर्यंत यायचा, ‘ताई, मले पण’ म्हणायचा. ते आठवलं आणि मी बसच्या दांड्याला घट्ट धरलं. माझ्या आठवणीतलं ते चड्डीतलं पोर त्या घोगऱ्या आवाजात बोलत होतं. मी दुसरा प्रसंग काढला, तिसरा काढला. सगळीकडे तोच. त्या अनोळखी माणसाने माझ्या भावाचं बालपणसुद्धा बोलून टाकलं होतं.

“नाही,” मी म्हणाले. आईने मान हलवली, बाबांनी समजावलं होतं तेव्हा हलवली होती तशीच.

घरी पोचलो तेव्हा दिवेलागण झाली होती. आईने चप्पल काढली, पाणीही न पिता टीव्हीला तो लग्नाचा पेन ड्राइव्ह लावला. बाबा उठले, नेहमीसारखे अंगणाकडे निघाले.

“आज बसा,” आई म्हणाली. ती त्यांना असं कधी सांगत नाही. बाबा दारातच थांबले. “मी वर्षभर दुसऱ्याच्या लेकराच्या मागं फिरली. आपल्या पोराचा तो आवाजच नव्हता म्हणते. त्याचा दोस्त सांगत होता. मंग माझ्या पोराचा आवाज कोणता होता? तिले आठवत नाही, मले आठवत नाही. सांगा नं. तुम्ही सगळ्याले शिकवता.”

पडद्यावर मंडप आला, वाढपी आले, गाणं वाजत होतं. आईने रिमोट घेऊन गाण्याचा आवाज पार बंद केला. घरात एकदम शांतता झाली. भाऊ नव्या जॅकेटमध्ये कॅमेऱ्याजवळ आला, बाजूला पाहिलं, त्याचे ओठ उघडले.

“बाबा, गाडीची चाबी कुठी हाय?”

आवाज दारातून आला होता. पातळ, थोडा नाकातला, घाईचा, आणि ‘कुठी’वर मधूनच फाटलेला. ओठ आणि शब्द एकमेकांवर बरोबर बसले. भाऊ हसला आणि पुढे निघून गेला. मी ओरडले की नाही ते मला आठवत नाही. तो आवाज मी ओळखला, झोपेतून उठवून ऐकवला असता तरी ओळखला असता, आणि तासाभरापूर्वी मला तो कितीही शोधून सापडला नव्हता. मी वळून पाहिलं. दाराच्या चौकटीला धरून आमचे म्हातारे बाबा उभे होते.

“मी तिथी बाजूलेच उभा होतो,” ते आता स्वतःच्या आवाजात म्हणाले. “मलेच विचारून राहिला होता तो.”

आई त्यांच्याकडे टक लावून पाहत होती.

“तुमच्यापुढं तो ऐट करे,” बाबा म्हणाले. “बाहेर तर करेच. माझ्याशी बोलताना विसरून जाय. भीत होता नं मले. मंग त्याचा तो पहिलेचाच आवाज निघे.” त्यांनी गळ्याशी हात नेला. “विसरून जाईन म्हणून म्हणत राहतो. लिंबाखाली.”

आईने टीव्ही बंद केला. ‘पुन्हा म्हणा’ असं ती म्हणेल असं मला वाटलं होतं. ती म्हणाली नाही. तिने पदराने तोंड पुसलं, खुंटीकडे बोट केलं आणि अगदी रोजच्या, जराशा वैतागलेल्या सुरात म्हणाली, “खुंटीवर हाय नं. नीट पाहत जाय.” मग ती स्वयंपाकघरात गेली आणि बराच वेळ नळ सोडून ठेवला. बाबा माझ्या शेजारी येऊन बसले. मी त्यांचा हात धरला, लहानपणी अंगणात धरायचे तसा.

याला आता काही वर्षं झाली. पांढुर्णा जिल्हा झाला, टॉकीजवर नवा पडदा आला, दाढीवाल्याचे पिक्चर अजून येतात. आई एकही बघत नाही. तो जुना आवाज कधीमधी कोणाच्या घरातून ऐकू आला तर माझी पावलं अडखळतात, पण ते तेवढंच. तो माणूस कुठेतरी एका बंद खोलीत दुसऱ्याच्या ओठांवर बोलत असेल. त्याचं भलं होवो, एवढं मी त्याला मनातून म्हणते.

रविवारी मी सौसरला जाते. बस उशिरा आली की पोचेपर्यंत संध्याकाळ होते. अशा वेळी कधीकधी आतून पातळ, घाईचा आवाज येतो आणि तो गाडीची चाबी विचारतो. आई भांडी घासता घासता सांगते की खुंटीवर हाय, नीट पाहत जाय. गाडी तर कधीच भंगारात गेली आहे. बाबा विज्ञानाचे मास्तर आहेत, अंगणाच्या टोकाला काही नसतं हे त्यांनीच मला शिकवलं आहे, आणि आत कोण बोलतंय हेही मला पक्कं माहीत आहे. पण फाटकाची कडी वाजली की ते गप्प होतात. म्हणून मी ती वाजू देत नाही, हातात धरून तशीच बाहेर उभी राहते.